'एव्हीकोडेक-५८.डीएलएल सापडली नाही' : म्हणजे नेमकं काय हरवलंय?

सचिव_बी_विंग
मंडळी, आमच्या डोंबिवलीच्या सोसायटीच्या पार्किंगमधून एक स्कूटर चोरीला गेली. पोलिसांनी सीसीटीव्हीचं फुटेज मागितलंय. डीव्हीआरवरून (कॅमेऱ्यांचं चित्रण साठवणारी पेटी) पेनड्राइव्हवर क्लिप घेतली, पण ती फक्त त्या कंपनीच्या प्लेअरमध्येच उघडते. आणि तो प्लेअर सोसायटीच्या ऑफिसातल्या विंडोज १० वर सुरूच होत नाही. डबल क्लिक केलं की लाल फुली असलेली खिडकी येते: 'द कोड एक्झिक्यूशन कॅनॉट प्रोसीड बिकॉज एव्हीकोडेक-५८.डीएलएल वॉज नॉट फाउंड.' खाली शहाणपणाचा सल्ला, प्रोग्रॅम पुन्हा इन्स्टॉल करा. पण इन्स्टॉलर आहेच कुठे? कॅमेरेवाल्याने डेस्कटॉपवर नुसता प्लेअरचा आयकॉन ठेवलाय आणि आता तो फोन उचलत नाही.

ही फाइल म्हणजे असते काय? नेटवर 'मोफत डीएलएल' देणाऱ्या पन्नास साइट दिसतात, तिथून घेतली तर चालेल का? आणि ५८च का?

डीव्हीआर पंधरा दिवसांनी जुनं पुसून नवं भरतो, त्यामुळे जरा घाई आहे.

भाऊ_ठोकळ
सोप्पंय. गुगल करा, फाइल उतरवा, सिस्टम३२ मध्ये टाका, मशीन रीस्टार्ट. माझा व्हिडिओ कन्व्हर्टर असाच चालू आहे, कधी तक्रार नाही.

खवचट_पुणेकर
भाऊंचा सल्ला म्हणजे रस्त्यात सापडलेली गोळी पाण्याबरोबर घ्या. चालू द्या.

शून्य_बाईट
सचिवसाहेब, भाऊंचं ऐकायच्या आधी पाच मिनिटं द्या.

व्हिडिओ उलगडून पडद्यावर चित्र दाखवणं हे किचकट काम आहे. एच.२६४, एच.२६५, एमपेग-२ या व्हिडिओ दाबून साठवायच्या पद्धती, प्रत्येकीची तऱ्हा वेगळी. प्रत्येक प्लेअरवाल्याने ते सगळं स्वतः लिहायचं म्हटलं तर आयुष्य जाईल. म्हणून ते एकदाच लिहून वेगळ्या फाइलीत ठेवतात आणि गरज असेल तो प्रोग्रॅम तिला हाक मारतो. गावकीची भांडी असतात ना, लग्न कुणाचंही असो, पातेली देवळातून येतात, तसं. अशा फाइलीला लायब्ररी म्हणतात; विंडोजवर तिचं नाव डीएलएल, लिनक्सवर एसओ, मॅकवर डायलिब.

तुमची हरवलेली फाइल एफएफएमपेग नावाच्या मुक्त प्रकल्पातली आहे. फाब्रिस बेलार या फ्रेंच प्रोग्रॅमरने २००० साली तो सुरू केला. आज जगातला निम्माअधिक व्हिडिओ कुठे ना कुठे याच्या हाताखालून जातो असं मला वाटतं, पण ते मोजलंय कुणी! त्यात एक फाइल नसते, कुटुंब असतं. एव्हीकोडेक चित्र-आवाज उलगडते, एव्हीफॉरमॅट एमपी४ किंवा एमकेव्हीचा डबा उघडते, एसडब्ल्यूस्केल चित्राचा आकार आणि रंग बदलते, एसडब्ल्यूरीसॅम्पल आवाजाचं बघते, आणि एव्हीयुटिल सगळ्यांची वरकामं करते.

आता ५८. हा एव्हीकोडेकचा मुख्य आवृत्ती क्रमांक. एफएफएमपेग ४ ची एव्हीकोडेक ५८, ५ ची ५९, ६ ची ६०, ७ ची ६१. आकडा वाढला याचा अर्थ आतला करार बदलला: काही फंक्शनं (हाक मारून करून घ्यायची कामं) गेली, काही रचनांमधल्या जागा सरकल्या. म्हणून ५९ ला '५८' असं नाव देऊन भागत नाही. एव्हीकोडेक_डिकोड_व्हिडिओ२ हे जुनं फंक्शन ५.० मध्ये काढूनच टाकलं. तुमचा प्लेअर ते मागत असेल तर नाव बदललेल्या फाइलीत ते मिळणार नाही आणि 'एंट्री पॉइंट' सापडत नाही अशी नवी खिडकी येईल. ही खिडकी आली तर नशीब समजा. काही वेळा काहीच न बोलता हिरवं चित्र दिसतं किंवा प्लेअर मरतो.

अजून एक मेख. कुटुंबात सगळ्यांचे आकडे सारखे नसतात. ५८ एव्हीकोडेकबरोबर एव्हीयुटिल ५६, एसडब्ल्यूस्केल ५, एसडब्ल्यूरीसॅम्पल ३ असा संच लागतो. 'एव्हीयुटिल-५८' नावाचीही फाइल आहे, पण ती एफएफएमपेग ६ ची. आकडा जुळला म्हणून लोक तीच उचलतात आणि मग डोकं धरून बसतात.

निवांत_पेन्शनर
एव्हीकोडेक ५८ ला निवृत्त होते म्हणजे राज्य सरकारी नोकर दिसते. ६० पर्यंत खेचणारी चतुर्थश्रेणीतली किंवा केंद्राची. ६१ वाली मुदतवाढीवर. (हलके घ्या)

आज्ञावली
पेन्शनर काका _/\_

सचिव_बी_विंग
शून्य_बाईट, एवढं सविस्तर कुणी समजावलं नव्हतं, आभार. पण तुमचा प्रतिसाद यायच्या आत ऑफिसात बसलेल्या आमच्या खजिनदारांच्या भाच्याने भाऊंचा सल्ला अमलात आणलाय. आता खिडकी बदलली: 'द ॲप्लिकेशन वॉज अनेबल टू स्टार्ट करेक्टली, ०एक्ससी०००००७बी'. ही कुठली भाषा?

शून्य_बाईट
हा बहुतेक वेळा ३२ बिट आणि ६४ बिटचा घोळ असतो. ३२ बिट प्रोग्रॅमच्या पोटात ६४ बिट लायब्ररी शिरू शकत नाही, उलटंही नाही. त्या डीएलएल साइटवर दोन बटणं असतील, भाच्याने पहिलं दाबलं असेल.

त्यात मायक्रोसॉफ्टची करामत अशी, की ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरमध्ये ६४ बिट फाइली असतात आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये. जुने प्रोग्रॅम मोडू नयेत म्हणून नाव तसंच ठेवलं. पहिल्यांदा कळतं तेव्हा सगळेच दोनदा वाचतात.

भाच्याला म्हणावं टाकलेली फाइल आधी तिथून काढ. मग मला दोन गोष्टी सांगा. प्लेअरची एक्झे फाइल (जिच्यावर क्लिक केलं की प्रोग्रॅम सुरू होतो ती) नेमकी कुठल्या फोल्डरमध्ये आहे? आणि तिच्या शेजारी अजून काय काय आहे? विंडोज डीएलएल शोधायला निघतं तेव्हा आधी एक्झे ज्या फोल्डरमध्ये आहे तिथे बघतं, नंतर सिस्टम फोल्डरांत, 'पाथ'मध्ये नोंदवलेल्या फोल्डरांत सगळ्यात शेवटी. त्यामुळे अशा प्लेअरच्या डीएलएल ९९ टक्के वेळा त्याच्या शेजारीच असायला हव्यात.

मांडव_ते_मिक्सिंग
इचलकरंजीत लग्नाचे व्हिडिओ एडिट करतो. आमच्याकडे हा रोजचा खेळ. ऑडॅसिटी या आवाज-संपादकाच्या जुन्या आवृत्त्या एमपी४ मधला आवाज घ्यायला एव्हीफॉरमॅट-५५.डीएलएल मागायच्या, आणि 'शोधून द्या' म्हणून हटून बसायच्या. नव्या आवृत्त्या बऱ्याच आकड्यांशी जुळवून घेतात. पण मला कळलेलं नाही ते हे: सॉफ्टवेअरवाले ही फाइल आपल्या एक्झेमध्येच का मिसळून टाकत नाहीत? कटकटच मिटेल.

आज्ञावली
मिसळतात की. व्हीएलसी या मोफत प्लेअरच्या विंडोज आवृत्तीत असंच आहे. फोल्डर उघडून बघा, लिबव्हीएलसी.डीएलएल आणि लिबव्हीएलसीकोर.डीएलएल दिसतील, प्लगइन्समध्ये शेकडो फाइली दिसतील, पण एव्हीकोडेक-५८ अशी सुटी फाइल मिळणार नाही. एफएफएमपेग तिथे लिबएव्हीकोडेक_प्लगइनच्या पोटात आहे. याला स्टॅटिक लिंकिंग म्हणतात.

बाकीचे सुटी ठेवतात त्याचं एक मोठं कारण परवाना. एफएफएमपेग मुळात एलजीपीएल या मुक्त परवान्याखाली आहे. बंद सॉफ्टवेअर (ज्याचा कोड उघड नसतो असं) विकणाऱ्या कंपनीने ते वापरलं तरी चालतं, पण वापरणाऱ्याला त्या लायब्ररीच्या जागी स्वतः बदललेली लायब्ररी बसवता आली पाहिजे. शेजारी सुटी डीएलएल ठेवली की ही अट सहज पाळली जाते. एफएफएमपेग बांधताना एक्स२६४ (एच.२६४ व्हिडिओ बनवणारी लायब्ररी) आत घेतलं की मात्र सगळ्याला जीपीएल हा अधिक कडक परवाना लागू होतो, कारण एक्स२६४ जीपीएल आहे (किंवा मग पैसे मोजून त्याचा व्यावसायिक परवाना घ्या). तेव्हा त्या सुट्या फाइलीमागे तांत्रिक डोक्याइतकंच वकिली डोकंही आहे.

याहून मजेदार प्रकरण ओपनएच२६४ या दुसऱ्या लायब्ररीचं. सिस्कोने २०१३ मध्ये जाहीर केलं की एच.२६४ ची पेटंट फी आम्ही भरू, मात्र तयार लायब्ररी आमच्याकडूनच उतरवलेली हवी. म्हणून फायरफॉक्स ती फाइल स्वतःबरोबर देत नाही, तुमच्या मशीनवर आल्यावर सिस्कोकडून आणतो. फाइल बाइट-न्-बाइट तीच, पण कुठून आली यावर ती फुकट की विकत ते ठरतं!

खवचट_पुणेकर
सगळं मान्य. पण मग ही एकच फाइल सगळ्यांत 'शेअर' कुठे झाली? माझ्या मशीनवर आत्ता शोधलं. एव्हीकोडेक सापडली स्क्रीन रेकॉर्डरच्या फोल्डरमध्ये, कन्व्हर्टरच्या फोल्डरमध्ये, मुलाच्या दोन गेम्समध्ये आणि एका स्कॅनरच्या सॉफ्टवेअरमध्ये (स्कॅनरला व्हिडिओ कशाला?). प्रत्येकाची आवृत्ती निराळी. गावकीची भांडी म्हणे! इथे प्रत्येक घरात वेगळं पातेलं आहे.

शून्य_बाईट
विंडोजपुरतं तुमचं बरोबर आहे. एकेकाळी सगळे प्रोग्रॅम सिस्टम फोल्डरमध्ये डीएलएल ओतायचे. एकाने दुसऱ्याची फाइल जुन्या आवृत्तीने झाकली की दुसरा मोडायचा. त्याला 'डीएलएल हेल' हे नाव पडलं. त्यातून शहाणे होऊन सगळ्यांनी आपापलं शेजारी ठेवायला सुरुवात केली.

आज्ञावली
लिनक्सवर मात्र खरंच शेअर होतं. उबुंटू २२.०४ मध्ये लिबएव्हीकोडेक ५८ आहे, २४.०४ मध्ये ६०, डेबियन १२ मध्ये ५९. एमपीव्ही असो की दुसरा एखादा प्लेअर, पॅकेजमधून घेतलेले सगळे ती एकच प्रत वापरतात. व्हिडिओ उलगडणाऱ्या कोडमध्ये सुरक्षेची भोकं वरचेवर सापडतात, कारण कुठून कुठून आलेल्या वेड्यावाकड्या फाइली त्याला वाचायला लागतात. डेबियनवर एक पॅकेज अद्ययावत केलं की सगळे प्लेअर एका फटक्यात दुरुस्त. खवचटरावांच्या मशीनवर तो स्कॅनरवाला आपली जुनी प्रत कधी बदलणार? कधीच नाही.

याचा तोटाही भोगावा लागतो. २२.०४ वरून २४.०४ वर गेलं की बाहेरून आणलेला जुना प्रोग्रॅम 'लिबएव्हीकोडेक.एसओ.५८: नो सच फाइल' म्हणत आडवा होतो. मग कुणीतरी ६० कडे बोट दाखवणारी '५८' नावाची सिमलिंक (दुसऱ्या फाइलीकडे नेणारी पाटी) बनवायचा सल्ला देतो. तीही चालत नाही. फाइलीच्या आत प्रत्येक फंक्शनवर 'लिबएव्हीकोडेक_५८' असा शिक्का असतो, लायब्ररी जोडून देणारा लोडर तो तपासतो आणि हाकलून देतो. विंडोजवर असा शिक्का नाही, तिथे फक्त फाइलीचं आणि फंक्शनांचं नाव बघतात, म्हणून तिथली फसवाफसवी एक पायरी पुढे जाते.

कुठला प्रोग्रॅम कुठल्या लायब्ररी मागतो ते एलडीडी या आज्ञेने दिसतं. पण अनोळखी प्रोग्रॅमवर एलडीडी चालवू नका, काही परिस्थितीत तो प्रोग्रॅम सुरू होऊ शकतो.

एडिसनकर
मॅकवर त्याच कामाला ओटूल -एल. होमब्रू (मॅकवर प्रोग्रॅम बसवायचं साधन) अपग्रेड केलं की 'लायब्ररी नॉट लोडेड' ठरलेलं. इथे न्यू जर्सीत रविवार सकाळचा पोह्यांनंतरचा कार्यक्रम हाच.

सचिव_बी_विंग
शोध लागला. एक्झे डेस्कटॉपवर आहे आणि तिच्या शेजारी वार्षिक सभेची नोटीस, पाण्याच्या टाकीचं कोटेशन आणि गणपतीची वर्गणी यादी आहे. डीएलएल एकही नाही. कॅमेरेवाल्याने त्यांच्या फोल्डरमधून फक्त एक्झे उचलून डेस्कटॉपवर आणली, शॉर्टकट केलाच नाही. डीव्हीआरवर एक्सपोर्ट करताना 'प्लेअरसहित' असा पर्याय आहे. तो निवडला तर पेनड्राइव्हवर अख्खा फोल्डर आला: एव्हीकोडेक-५८, एव्हीफॉरमॅट-५८, एव्हीयुटिल-५६, एसडब्ल्यूस्केल-५, एसडब्ल्यूरीसॅम्पल-३. शून्य_बाईट यांनी सांगितलेला संच जसाच्या तसा! फोल्डर तसाच सी ड्राइव्हवर ठेवला, प्लेअर चालू झाला, चोर दिसला. टोपी घातलीय.

आता पुढचं. हवालदारसाहेब म्हणतात एमपी४ द्या. प्लेअरमधला कन्व्हर्ट अर्ध्यात अडकतो. भाच्याने एफएफएमपेगने केलं, तर चोर चार्ली चॅप्लिनसारखा पळतोय.

शून्य_बाईट
आज भाचा बरोबर रस्त्यावर आहे. तुमची क्लिप बहुधा कच्चा एच.२६४ प्रवाह आहे. त्यात नुसती चित्रं एकामागून एक, कुठलं कधी दाखवायचं ते लिहिलेलं नाही. अशा वेळी एफएफएमपेग सेकंदाला २५ चित्रं धरतो. तुमचा कॅमेरा १५ ने टिपत असेल तर एका मिनिटाची ९०० चित्रं ३६ सेकंदांत संपतात, म्हणून ती पळापळ. डीव्हीआरच्या सेटिंगमध्ये दर बघा आणि तो द्या: एफएफएमपेग -फ्रेमरेट १५ -एफ एच२६४ -आय क्लिप -सी कॉपी नवी.एमपी४ (रोमनमध्ये टंका). 'कॉपी'मुळे चित्राला हात लागत नाही, फक्त डबा बदलतो. खात्री करायला चित्रावरचं घड्याळ आणि तुमच्या भिंतीवरचं घड्याळ एक मिनिटभर शेजारी धरा.

काळा_कोट
सचिवसाहेब, जरा थांबा. एमपी४ हवालदारांच्या सोयीसाठी जरूर द्या, पण डीव्हीआरमधून निघालेली मूळ फाइल आणि प्लेअरचा फोल्डर दोन्ही जपून ठेवा, आणि डीव्हीआरही फॉरमॅट करू नका. उद्या वकील विचारणार, वेग कुणी बदलला?

१ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम लागू आहे. त्यातल्या कलम ६३ खाली इलेक्ट्रॉनिक नोंदीबरोबर प्रमाणपत्र लागतं, जुन्या पुरावा कायद्यातल्या कलम ६५बी सारखं. नव्या नमुन्यात फाइलीचं हॅश मूल्यही (फाइलीतल्या मजकुरावरून निघणारा अंगठ्याचा ठसा म्हणा) भरायचं असतं. विंडोजवर सर्टयुटिल -हॅशफाइल, पुढे फाइलीचं नाव आणि एसएचए२५६, की निघतं. मूळ फाइलीचं काढा, एमपी४ चं वेगळं काढा, दोन्ही कागदावर लिहून ठेवा.

हे प्रमाणपत्र हवंच का, यावर सर्वोच्च न्यायालयाचा २०२० चा निकाल आपल्या जालन्याच्या निवडणुकीवरून आलेला आहे, अर्जुन पंडितराव खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल. तिथेही मुद्दा निवडणूक अधिकाऱ्याच्या कार्यालयातल्या व्हिडिओ चित्रीकरणाचाच होता.

निवांत_पेन्शनर
डीएलएलवरून जालन्यापर्यंत! धागा रुळावरून घसरला नाही, त्याने गाडी बदलली.

मांडव_ते_मिक्सिंग
अवांतर: २०२२ मध्ये व्हीएलसीची साइट भारतात कित्येक महिने बंद होती, आठवतं का? फेब्रुवारीत बंद झाली, मग व्हीएलसी बनवणाऱ्या व्हिडिओलॅनने इंटरनेट फ्रीडम फाउंडेशनच्या मदतीने सरकारला कायदेशीर नोटीस पाठवली आणि नोव्हेंबरमध्ये उघडली. तेवढ्या काळात आमच्या गल्लीतल्या निम्म्या लोकांनी कुठून कुठून 'व्हीएलसी' उतरवून घेतला देव जाणे.

आज्ञावली
भाऊंच्या सल्ल्याला माझा विरोध याचसाठी. त्याच वर्षी एप्रिलमध्ये सिमँटेक या सुरक्षा कंपनीने सिकाडा या हॅकर टोळीबद्दल लिहिलं होतं. त्यांनी खऱ्या, सही असलेल्या व्हीएलसीचा वापर करून आपला घातक कोड चालवला. एक्झे अस्सल, शेजारची लायब्ररी बनावट. विंडोज आधी शेजारी बघतं हे वर आलंच आहे, त्याचाच फायदा. एकटी डीएलएल अनोळखी साइटवरून घेणं म्हणजे हीच दारं उघडी ठेवणं. ५८ हवीच असेल तर एफएफएमपेगच्या साइटवरून दुवा दिलेल्या बांधणीवाल्यांकडून (कोडपासून तयार फाइली बनवून देणारे), 'शेअर्ड' प्रकारातला ४ चा संच पूर्ण घ्या. 'स्टॅटिक' घेतलात तर आत डीएलएल मिळणार नाहीत.

भाऊ_ठोकळ
सगळे माझ्यावरच का? माझं दोन वर्षं झकास चाललंय.

शून्य_बाईट
भाऊ, राग नको. सिसइंटर्नल्सचा प्रोसेस एक्सप्लोरर घ्या, तुमचा कन्व्हर्टर चालू ठेवून त्याच्यावर क्लिक करा आणि कंट्रोल-डी दाबा. खाली लोड झालेल्या सगळ्या डीएलएल दिसतील. एव्हीकोडेकसमोरचा पत्ता वाचून इथे टाका.

भाऊ_ठोकळ
सी:\प्रोग्रॅम फाइल्स\... कन्व्हर्टरचाच फोल्डर दाखवतोय. सिस्टम३२ नाही.

खवचट_पुणेकर
म्हणजे दोन वर्षं भाऊंची डीएलएल मंडपात नुसती बसून होती, पंगतीत कुणी बोलावलंच नाही.

शून्य_बाईट
आता ती लगेच उडवू नका भाऊ. नाव बदलून ठेवा, महिनाभर बघा कोण ओरडतं ते. एखादा दुसरा जुना प्रोग्रॅम तिच्यावर उभा असू शकतो.

रिकामटेकडी
उशिरा आले, पण प्रश्न जवळपासचाच. मोबाइलवर एमएक्स प्लेअरमध्ये चित्र दिसतं, आवाज येत नाही. 'ऑडिओ फॉरमॅट सपोर्टेड नाही' म्हणतो. मैत्रीण म्हणते 'कस्टम कोडेक' टाक. हेही तेच का?

आज्ञावली
तेच. तुमच्या फाइलीत आवाज एसी३ किंवा डीटीएस या पद्धतीने साठवलेला असणार. परवान्याच्या भानगडीमुळे एमएक्स प्लेअरने त्यांचा आधार काढून घेतला, आणि लोक एफएफएमपेगची वेगळी बांधलेली एसओ फाइल बाहेरून जोडतात. ती जोडायची तर तुमच्या प्रोसेसरसाठीची आणि प्लेअरच्या आवृत्तीला जुळणारी लागते. सेटिंग्ज, डिकोडर, अगदी खाली कस्टम कोडेक. कुठला प्रकार हवा ते तिथेच लिहिलेलं असतं. मी तुमच्या जागी असते तर यात पडले नसते. मोबाइलवर व्हीएलसी टाका, प्ले स्टोअरवरूनच.

रिकामटेकडी
टाकला. आवाज आला. वाचनखूण साठवली.